परत आलेला डबा

विनीताला कुणी विचारलं असतं की बाई गं, तुझा भुताखेतांवर विश्वास आहे का, तर तिने उलट विचारलं असतं, "सॅम्पल साइज किती?" अमेरिकेत, मिशिगनमधल्या नोव्हाय गावच्या एका कंपनीत ती सीटबेल्टच्या बकलांचं टेस्टिंग करायची. बकल हजार वेळा लावायचं, हजार वेळा काढायचं आणि एकदा जरी अडकलं तरी का अडकलं ते शोधून काढायचं, हे तिचं काम. कारणाशिवाय काही घडत नाही असं तिचं ठाम मत होतं, आणि ते ती समोरच्याला पटेपर्यंत सांगत बसायची.

पण त्या वर्षी ऑगस्टपासून तिच्या स्वतःच्या घरात एक गोष्ट कारणाशिवाय चालली होती. सहा वर्षांची सिया जेवत नव्हती. आधी पोटाचा फ्लू झाला, चार दिवसांत गेलाही. ताप गेला, उलट्या थांबल्या, शाळा सुरू झाली, फक्त भूक तेवढी परत आली नाही. दोन घास खाल्ले की पोर ताट सरकवायची. "आय ॲम नॉट हंग्री, आई." सियाला मराठी सगळं कळायचं, पण बोलणं इंग्रजीतच. तरी तिचं एकही वाक्य 'आई' म्हटल्याशिवाय संपायचं नाही, आणि विनीताला त्याचा फार अभिमान होता.

रक्त तपासून झालं, पोटाचे फोटो झाले, सगळं नॉर्मल. वजन मात्र उतरतच होतं. शेवटी डॉक्टरीणबाई म्हणाल्या की नोव्हेंबरच्या भेटीपर्यंत वजन वाढलं नाही, तर नाकातून नळी घालून अन्न द्यावं लागेल. त्या दिवशी विनीता कंपनीच्या पार्किंग लॉटमध्ये गाडीत बसून भरपूर रडली, डोळे पुसले आणि मीटिंगला गेली.

"जबरदस्ती करू नको यार," तिचा नवरा प्रसन्न म्हणायचा. "बाहेर नेऊ तिला कुठेतरी. हवापालट."

म्हणून ऑक्टोबरच्या एका रविवारी ते तिघं रंग बदललेली पानं बघायला निघाले. त्या दिवसांत मिशिगनमध्ये जो तो पानं बघायला जातो आणि मग घरी येऊन स्वतःच्या अंगणातली तीच पानं वैतागत गोळा करतो. तासाभराच्या अंतरावर तळ्याकाठी एक जंगल होतं, आणि जंगलात जुनं लाकडी ओंडक्यांचं घर. दीडेकशे वर्षांपूर्वीचं, एका खोलीचं, काउंटीने, म्हणजे तिथल्या जिल्ह्याने, जपून ठेवलेलं. शनिवार-रविवार दुपारी उघडायचं, आणि तिथे माहिती सांगायला होते आपले हेमचंद्रकाका.

काका पूर्वी गाड्यांच्या इंजिनांवर काम करायचे. मंडळाच्या गणपतीत साउंड सिस्टीम त्यांच्याशिवाय कुणी हलवायचं नाही. रिटायर झाल्यावर त्यांनी ही हौशी नोकरी धरली होती. डोक्यावर गवताची हॅट, पँटला गॅलिस, मनगटावर स्मार्टवॉच. "काकू म्हणते, जत्रेतला विदूषक दिसतोस," त्यांनी आल्या आल्या सांगून टाकलं.

घराचं दार एवढं बुटकं की प्रसन्नला वाकावं लागलं. आत थंड राखेचा, जुन्या धुराचा आणि तळ्याच्या ओलीचा वास होता. ओकचे ओंडके कुऱ्हाडीने चौकोनी तासलेले, कोपऱ्यांत एकमेकांत अडकवलेले. मधल्या फटींत चुना आणि चिखल. एकच खिडकी, तिची काच इतकी जुनी की पलीकडचं तळं वाकडंतिकडं दिसायचं. चूल, लोखंडी भांडं, टेबल, एका बाजूला मोठं बाक आणि दुसऱ्या बाजूला एक अगदी छोटं.

"नवरा हिवाळाभर लाकूडतोडीला जायचा," काका सांगत होते. "इथे बायको आणि मुलगी. मुलीचं नाव कुणाला माहीत नाही. हे बाक तिचं. आणि हे बघ, जातं. आपल्यासारखंच की नाही? मका दळायचे. पण दगड ठिसूळ, पिठात कच यायची. दात झिजून जायचे लोकांचे."

"इव्हन किड्स?" सियाने विचारलं. कित्येक आठवड्यांत तिने स्वतःहून काही विचारलं नव्हतं.

"मुलांचेसुद्धा," काका म्हणाले.

टेबलाभोवती लोकांना अडवायला दोरी बांधली होती, सिया तिच्याखालून आत शिरली आणि छोट्या बाकावर जाऊन बसली. तिथे बसायला मनाई होती, पण काकांनी कानाडोळा केला. विनीताने ती संधी साधून पर्समधला डबा काढून तिच्यासमोर ठेवला. ती कुठेही गेली तरी डबा बरोबर असायचाच. स्टीलचा, कडीचा, झाकणावर ठिपक्याठिपक्यांनी नाव घातलेलं: 'चि. विनीता हिस, मावशीकडून'. आत रव्याचे लाडू होते. सियाने लाडवांकडे पाहिलं आणि डबा टेबलाच्या पलीकडे, रिकाम्या मोठ्या बाकासमोर सरकवला.

"अगं, तू खा ना," विनीता म्हणाली.

"इट्स हर टर्न, आई."

खेळतेय बिचारी, असं विनीताला वाटलं. तेवढ्यात बाहेरून प्रसन्नने हाक मारली, तळ्यावर हंस उतरले होते, सगळे तिकडे धावले, आणि डबा तिथेच राहिला.

नोव्हायच्या कुठल्याही मराठी घरात जा, स्वयंपाकघरात निम्मे डबे दुसऱ्यांचे असतात. चिवडा जातो, त्याच डब्यातून वड्या येतात. वड्यांचा डबा परत करायचा तर त्यात काहीतरी घालायचं. काहीच नसलं तर चिमूटभर साखर, पण रिकामा डबा म्हणून परत करायचा नाही. विनीता देवाला हात जोडायची नाही, पण हे पाळायची. घरी पोचल्यावर तिने काकांना फोन केला.

"आता कुलूप लावलंय बुवा," काका म्हणाले. "शनिवारी ये आणि घेऊन जा."

"उंदीर नाचतील हो काका!"

"स्टीलचा डबा आहे ना? मग नाचू देत."

शनिवारी ती सियाला घेऊन गेली. काकांनी तिच्यासमोर कुलूप काढलं. डबा टेबलावर होता, पण मोठ्या बाकासमोर नव्हता, छोट्या बाकासमोर होता. विनीताने उचलला तर चांगला जड लागला. झाकण उघडलं. आत ब्लूबेरी होत्या. दुकानातल्या टपोऱ्या नव्हेत, रानातल्या बारक्या, काळ्या-निळ्या, दोन-चार पानं चिकटलेल्या. अजून दव होतं त्यांच्यावर.

"लाडू म्हणाली होतीस ना तू?" काकांनी विचारलं.

"लाडूच होते. काका, हे तुम्ही केलंत ना? कशाला एवढं?"

"मी? मी आत्ता उघडतोय, तुझ्यादेखत." काकांनी हॅट काढून डोकं खाजवलं. "रानातल्या ब्लूबेरी ऑगस्टमध्ये संपतात गं. पार्कच्या रेंजरने ठेवल्या असतील. त्याच्याकडे असेल किल्ली."

कारण सापडलं म्हणून विनीताला बरं वाटलं. पण गोरा रेंजर लाडू खाऊन फार तर थँक्यूची चिठ्ठी ठेवील. डबा धुऊन, पुसून, भरून ठेवायला तो काही आपल्या मंडळाचा मेंबर नव्हता. ती हा विचार करत होती तेवढ्यात सियाने डब्यात हात घातला.

मूठ भरून तोंडात कोंबली. मग दुसरी मूठ. विनीताच्या ओठांवर 'आधी धुवून घे' आलं होतं, ते तिने गिळलं. पोर उभ्या उभ्या खात होती, हनुवटीवरून जांभळा रस ओघळत होता, आणि विनीताच्या डोळ्यांना धार लागली होती. डबा रिकामा झाला तेव्हा सियाने बोटं चाटली.

घरी आल्यावर तिने पुन्हा ताट सरकवलं. सोमवारी, मंगळवारी, तेच. आठवडाभर विनीताचा जीव टांगणीला लागला होता. डबा ओट्यावर धुवून पालथा घातलेला होता. भांडी घासताना तिची नजर सारखी त्याच्याकडे जायची.

पुढच्या शनिवारी तिने डब्यात खोबऱ्याच्या वड्या भरल्या आणि सियाला गाडीत बसवलं. चूक म्हणायची तर ती ही. पहिला डबा विसरला होता, हा तिने मुद्दाम नेला. आपण भरून पाठवला की समोरून भरून येतो, एवढा एकच हिशेब तिच्या डोक्यात होता, आणि तो कुणाशी चालला आहे हे तिने स्वतःला विचारलं नाही.

"रेंजरसाठी," तिने काकांना सांगितलं आणि डबा टेबलावर ठेवला.

रविवारी काकांनी दार उघडलं तेव्हा खोलीत भाजल्याचा वास होता. डबा छोट्या बाकासमोर होता. विनीताने हात लावला आणि पटकन मागे घेतला. गरम होता. आत मक्याची जाड भाकरी, एका बाजूने करपलेली, वाफ निघत असलेली.

काका चुलीपाशी गेले, वाकले, राखेत हात घातला. बराच वेळ तसाच ठेवला.

"गार आहे," ते म्हणाले. मग हात झटकत, तिच्याकडे न बघता म्हणाले, "रेंजरला विचारलं मी. त्याच्याकडे या कुलपाची किल्ली नाहीच. विनीता, मी इंजिनिअर माणूस आहे. हे कसं चालतं ते मला ठाऊक नाही. तू डबा घे आणि परत आणू नको."

सियाने ती सगळी भाकरी खाल्ली. खाताना कचकच आवाज येत होता. रात्री तिने घरी वरणभात मागून घेतला, दोनदा.

"पोरगी जेवतेय ना? मग झालं तर," प्रसन्न म्हणाला. तो इतका खूश झाला होता की विनीताने त्याला राखेचं सांगितलंच नाही.

काकांनी आणू नको म्हटलं होतं, पण काकांच्या घरात न जेवणारं मूल नव्हतं. त्यातून पुढचा शनिवार-रविवार सीझनचा शेवटचा, मग घराला वसंतापर्यंत कुलूप, आणि त्यानंतर लगेच डॉक्टरांची भेट. विनीताने दिवाळीच्या चकल्या भरल्या. वाटेत गाडीत सियाचा खालचा, पुढचा हलणारा दात पडला. पहिलाच दात. विनीताने तो टिश्यूत गुंडाळून कपहोल्डरमध्ये ठेवला. तिकडे पोचल्यावर काकांनी हताशपणे दार उघडलं, सिया डबा घेऊन आत धावली आणि स्वतःच्या हातांनी टेबलावर ठेवून आली.

रात्री उशीखाली ठेवायला दात शोधला तर टिश्यू रिकामा.

"सिया, दात कुठे गं?"

"इन द डबा, आई. अंडर द चकली." ती अगदी सहज म्हणाली. "हर्स आर ऑल ओल्ड."

विनीताने रिकामा टिश्यू पुन्हा एकदा झटकून पाहिला. पण पोर होती, पोरं असं बोलतात. उद्या डबा उघडला की दात सापडेल, असं तिने स्वतःला बजावलं.

रविवारी डबा छोट्या बाकासमोरच होता. या वेळी हलका. उघडला तर आत काही नव्हतं. चकल्या नाहीत, दात नाही. धुतलेला, कोरडा, स्वच्छ पुसलेला डबा.

काकांनी मोठा श्वास सोडला. "झालं. संपलं बघ." त्यांनी खिडकीची झडप लावली, बाहेर येऊन दाराला कुलूप घातलं आणि दोनदा ओढून पाहिलं. विनीतालाही सुटल्यासारखं वाटलं. पण कुठेतरी खुपलंही. इतक्या वेळा रीत पाळणाऱ्याने शेवटी रिकामा डबा दिला होता.

गाडीत बसताच सिया म्हणाली, "आय ॲम हंग्री, आई."

आणि मग ती जेवतच सुटली. पोळी, भात, शाळेतला पिझ्झा, प्रसन्नच्या ताटातलं उरलेलं. डॉक्टरीणबाईंनी वजनकाट्याकडे पाहून विनीताला मिठीच मारली. नळीचा विषय संपला. त्या संध्याकाळी विनीताने गोडाचा शिरा केला आणि कितीतरी महिन्यांनी स्वतःही पोटभर जेवली.

आठवड्याने दातांची नेहमीची तपासणी होती. डॉक्टर नीना इथल्याच ॲन आर्बरमध्ये जन्मलेली, मराठी मोडकंतोडकं पण हौसेने बोलणारी. तिने सियाचं तोंड उघडलं, आरसा आत घातला, आणि एकाच जागी पुन्हा पुन्हा फिरवून पाहिला. मग एक्स-रे काढला. मग सियाला बाहेर खेळणी निवडायला पाठवलं.

"विनीता, खालचा पुढचा दात पडला कधी?"

"दोन आठवडे झाले. नवीन आलासुद्धा, लवकर आला ना?"

"तो नवीन नाही." नीनाने स्क्रीन तिच्याकडे वळवली. "हा बघ, नवीन दात. अजून खाली आहे, हिरडीत. वरती आलाय तो दुधाचाच दात आहे. अँड इट्स व्हेरी ओल्ड. कड बघ, सपाट झालीय. कुणी वर्षानुवर्षं वाळू चावली तर असं होतं."

"म्हणजे?"

"आय हॅव नो आयडिया," नीना म्हणाली. ती हसायचा प्रयत्न करत होती. "मुलांना वीस दुधाचे दात असतात. हा एकविसावा. सियाचा नाही."

विनीता घरी आली. ओट्यावर डबा पालथा होता. ती त्याच्याकडे बघत उभी राहिली.

डबा रिकामा आलाच नव्हता.

तिने तो उचलला, चिकटपट्टी गुंडाळली आणि गॅरेजमध्ये सगळ्यात वरच्या फळीवर, रंगाच्या डब्यांमागे टाकला. प्रसन्नला सगळं सांगितलं, अगदी राखेपासून. त्याने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "तू थकलीयेस गं."

त्या रात्री सियाने ताट सरकवलं.

दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी पाणीसुद्धा नको म्हणाली. प्रसन्नने पिझ्झा आणला, आइस्क्रीम आणलं, स्वतः घोडा झाला. सिया खिडकीपाशी बसून बाहेर पडणारा बर्फ बघत राहिली. शुक्रवारपर्यंत तिचे डोळे खोल गेले. डॉक्टरीणबाईंच्या ऑफिसमधून फोन आला, सोमवारी या, नळीचं बोलू.

शनिवारी सकाळी प्रसन्न झोपलेला असताना सिया स्वयंपाकघरात आली. विनीतासमोर उभी राहिली आणि मूठ उघडली. तळहातावर आणखी एक दात होता. छोटा, पांढरा, टोकाला किंचित रक्त.

 ती तशीच हात पुढे धरून उभी राहिली.

विनीता किती वेळ बसून होती कोण जाणे. मग उठली. गॅरेजमध्ये शिडी लावली. चिकटपट्टी सोडवली, डबा घासला, फडक्याने कोरडा केला. नुसता दात कसा द्यायचा, म्हणून दोन लाडू ठेवले.

पार्कमध्ये दुसरी गाडी नव्हती. तळ्याच्या कडा गोठल्या होत्या. सियाला तिने हीटर लावून गाडीतच बसवलं. बर्फात पावलं रुतवत ती घराशी गेली. कुलूप तसंच होतं, खिडकीची झडप बंद. पायरीवरचा बर्फ हाताने बाजूला करून तिने डबा ठेवला, कडी लावली.

"एवढंच," ती दाराकडे बघून म्हणाली. "याच्यापुढे नाही."

आतून काही आवाज आला नाही.

ती वळली. निम्म्या वाटेवर मागे टक् असा आवाज झाला. घट्ट बसलेली कडी निघताना होतो तो. हा आवाज तिने जन्मभर ऐकला होता.

तिने वळून पाहिलं नाही.

गाडीत ऊब होती. सिया मागच्या सीटवर सरळ बसली होती. तिचे गाल गुलाबी दिसत होते. ती आरशातून विनीताकडे बघून हसली. ती हसली तेव्हा सकाळी पडलेल्या दाताच्या जागी दुसरा दात होता.

"आय ॲम हंग्री, मा," ती म्हणाली.

विनीताने त्या नव्या हाकेला ओ दिली, आणि गाडी वळवली.